पावसाळ्यातला बिनपगारी पहारा

बाबा, आज रविवार आहे आणि मुरुडच्या किनाऱ्यावर एकही जीवरक्षक नाही. मीच राहू दिला नाही. पावसाळा लागला की ठेकेदार टी-शर्ट आणि शिट्ट्या जमा करून पगार थांबवतो, हे तुमच्या वेळचं अजूनही तसंच आहे. गेल्या आठवड्यात जीवरक्षकांच्या सभेत मी ठणकावून सांगितलं, बारा महिने पगार मिळेपर्यंत कोणी फुकट किनारा राखायचा नाही. टाळ्या पडल्या. मागून एक जण म्हणाला, "ताई, तुजा सांगना बरोबर हाय. पन कोन बुडाया लागला, त तवा पन टाल्याच वाजवायच्या काय?" सगळे हसले. मीही हसले आणि पुढच्या मुद्द्यावर गेले.

श्रावणातली एक दुपार आठवते. तुम्ही भिजून येता, चुलीकडे पाठ करून बसता. आई भाकरी थापता थापता विचारते, शिट्टी काढून घेणाऱ्यांसाठी कशाला भिजता? तुम्ही दुसरी भाकरी मागता. मी तुमचा डबा घेऊन किनाऱ्यावर यायचे, म्हणून कशाला ते मला ठाऊक होतं. चपला हातात घेऊन चालणाऱ्यांकडे तुम्ही बघायचा नाहीत. त्या काढून ओळीत ठेवणारे पाण्यात उतरणार, म्हणून त्यांच्यापाशी जायचात. अंगावर टी-शर्ट नाही, मग दटावणार कसं? कुठून आलात, जेवलात का, असं बोलत बोलत त्यांना खाणावळीकडे वळवायचात. कॉलेजात गेल्यावर मी याला शोषण म्हटलं, पुस्तकांतले दाखले दिले. तुम्ही एवढंच म्हणालात, "आसंल. पन त्या पोराला त्याची आय घरी बघंल ना?" मी आजही म्हणते, ते शोषणच होतं.

पण सकाळपासून एका जागी बसवत नाही. पर्यटक घेऊन येणाऱ्या एसटीचा आवाज आला की उठून दाराशी जाते. या बहिष्काराची दखल घ्यायला लावायची, तर कोणीतरी बुडायला हवं. एवढी साधी गोष्ट मला बोलताना सुचली नाही? मागणी न्याय्य आहे, तिच्यातला एक शब्दही मी मागे घेणार नाही. तरी दुपारी राहवलं नाही, किनाऱ्यावर गेले. सुरूच्या झाडांखाली आपल्यातले दोघे जीवरक्षक एका छत्रीत उभे होते, पाण्यात उतरलेल्या टोळक्यावर नजर लावून. मला बघून एक जण ओशाळला. "आमी फिराया आलोय, ताई." मी म्हटलं, फिरा.

उद्या ठेकेदाराच्या कार्यालयासमोर मला सांगायचं आहे की किनारा ओस पडलाय. सांगेन, आवाज चढवूनच सांगेन. हे पत्र कुठे जायचं नाही, म्हणून तुम्हाला तेवढं कळवते: त्या दोघांना घरी पाठवणं माझं काम होतं. मी त्यांना चहा आणून दिला.