स्वयंपाकघरातलं एक मिनिट

३ मार्च २०१६, गुरुवार
गार्गी पॉलिटेक्निकसाठी शॉर्ट फिल्म करते आहे. प्रायोगिक! विषय – रोजच्या घरातले शांत क्षण. नट – मी. घरात दुसरं कोणी नाही.
गोष्ट काय, विचारलं. "गोष्ट नाहीये बाबा. तू फक्त कपड्यांच्या घड्या घाल, ला." तिच्या मराठीलाही हे सिंगापुरी 'ला' चिकटतंच.

५ मार्च, शनिवार
घड्या घालायला इस्त्रीचा शर्ट घालून, भांग पाडून बसलो. "बाबा, वेडिंगला चाललायस?" पुन्हा बनियनवर. नऊ वेळा तोच टॉवेल!

६ मार्च, रविवार
आज फजिती. गार्गीला स्वयंपाकघराचा नुसता आवाज हवा होता – कोणी काही करत नसताना असतो तो. एक मिनिट गप्प उभं राहायचं. तिने रेकॉर्डर सुरू केला आणि मी हात जोडून, मान खाली घालून उभा! नोव्हेंबरात मंडळाच्या हॉलमध्ये उल्काच्या शोकसभेत सगळे उभे होते, तसा. वर मिनिट संपल्यावर, सभा चालवणाऱ्या निशिकांतसारखंच म्हणालो – "धन्यवाद, आपण बसावं."
गार्गी खूप हसली. मग बाथरूममध्ये गेली. नळ बराच वेळ चालू होता.

१३ मार्च, रविवार
पुन्हा प्रयत्न. चाळीस सेकंदांत मी हॉलमध्ये जाऊन टीव्ही लावला. उल्का गेल्यापासून तो दिवसभर चालूच असतो. बघत नाही मी. काय लागलंय तेही सांगता येणार नाही.
गार्गीने रेकॉर्डर बंद केला, वायर गुंडाळली. बायको गेलेल्या माणसाला एक मिनिट गप्प उभं राहता येत नाही. एरवी ऑफिसात मला 'सायलेंट पार्टनर' म्हणतात!

२ एप्रिल, शनिवार
कॉलेजात फिल्म दाखवली. सात मिनिटं. चेहऱ्यापेक्षा माझी पाठ बरी दिसते.
मी घड्या घालतोय, मागे फ्रिजची घरघर, खालून एमआरटीची गाडी जाते. आणि मग – चमचा पातेल्याच्या काठावर दोनदा आपटल्याचा आवाज. चहा ढवळून झाला की उल्का आपटायची तसा. पोचे पडतील, म्हणून इतकी वर्षं मी तिच्यावर ओरडत आलो.
बाहेर आल्यावर गार्गी खाली बघत म्हणाली, "मागच्या वर्षी रेकॉर्डर शिकताना रेकॉर्ड केला होता तो आवाज. आई होती किचनमध्ये. तू शांतता देतच नव्हतास ना, बाबा."
येताना गाडीत क्वीन्सटाउन स्टेशनपर्यंत दोघंही गप्प. जमलं की मला!

३ एप्रिल, रविवार
टीव्ही लावला नाही. चहा केला. ढवळून चमचा काठावर दोनदा आपटला.
गार्गी खोलीतून धावत आली. मला बघून दारातच थांबली.
"परत कर," म्हणाली.