रेवणप्पाचा चारचा वडापाव

सांगोला, ३ फेब्रुवारी २०२५

ती. हरिदासदादास धाकट्या केसरचा सा. न. वि. वि.

फोन केला की तुझी सून ऋतुजा स्पीकर लावते आणि तू तिच्यापुढं साधू होतोस, म्हणून पत्र. डॉक्टरांनी वडापाव बंद सांगून महिना झाला म्हणं. तरी चार वाजले की तू डेपोसमोर रेवणप्पाच्या गाड्यावर हजर! एक्केचाळीस वर्षं रोज एक. स्वतःच्या लग्नात मुंडावळ्या बांधून खाल्लास, ते आमी विसरलो न्हाय.

वहिनी गेल्या. आता तूही तेलापायी गेलास तर मला माहेर कुटलं? मी रेवणप्पालाच कार्ड टाकलंय, माझ्या भावाला वडा दिलास तर गाड्यापुढं बसून बोंब ठोकीन म्हणून.

लोभ आहेच, तेल सोड.
केसर

सोलापूर, १२ फेब्रुवारी २०२५

चि. केसरला अनेक आशीर्वाद.

शाब्बास. तुझं कार्ड वाचून रेवणप्पानं मला हात जोडले. तीन दिवस झाले, गाडाच लावला नाही.

आता खरं सांगतो, ऋतुजाला बोलू नकोस. तो वडा मला दोन वर्षं आवडत नाही. सारण त्याची बायको गुरम्मा करायची, हा नुसता तळायचा. ती गेल्यापासून हा मीठच विसरतो. गिऱ्हाईक तुटलं, राहिलो मी एकटा. मी खिशात मिठाची पुडी नेतो. त्याची पाठ फिरली की वड्यावर टाकतो. निम्मा खातो, निम्मा कुत्र्याला. हल्ली कुत्रंही वास घेऊन निघून जातं.

काल त्याच्या घरी गेलो. भरदुपारी चादर ओढून पडलेला, दाढी वाढलेली, सकाळपासून चहासुद्धा नाही. म्हणाला, अण्णा, तुमीच येणार न्हाय तर बटाटे कुणासाठी उकडू? मला भीती वाटली गं. मला तू आहेस, पोरं आहेत. त्याला चार वाजता येणारा मी, एवढंच. तुझा हुकूम मागं घे.

तुझ्या शिव्यांचा भुकेला,
हरिदास

सांगोला, १८ फेब्रुवारी २०२५

ती. दादास सा. न.

तुझं पत्र वाचून रडले, मग तुलाच शिव्या घातल्या. दोन वर्षं पुड्या बांधत बसलास, पण बहिणीला बोलवून सारण कालवून घ्यावं, एवढी अक्कल न्हाय.

सोमवारच्या एस.टी.नं येते. रेवणप्पाला चमच्यानं माप शिकवते, अंगवळणी पडेपर्यंत शिकवते. गाडा चारला लागला पाहिजे. तू रोज जायचं, बाकड्यावर बसायचं, पण वडा आठवड्यातनं एकच. बाकीचे दिवस नुसता उकडलेला बटाटा, माझ्या देखरेखीखाली काढलेला. तोंड वाकडं करू नकोस.

आणि ऐक. काल रेवणप्पाचं कार्ड आलं, कुणाकडनं तरी लिहून घेतलेलं. लिहितो, ताई, अण्णा खिशातनं मीठ काढतात ते मला लई दिवस ठाऊक हाय. त्यांना टाकता यावं म्हणूनच मी पाठ फिरवतो.

लोभ आहेच. गाड्यावर येताना पुडी घरी ठेव.
केसर