‘बहुवलयी’ : अर्थ आणि वाक्यात उपयोग

३ जून

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

इकडे सगळं ठीक. पोरगी पाचवीत गेली. तिचं गणित तुझ्यावर गेलंय आणि अक्षर माझ्यावर, त्यामुळे उत्तर बरोबर असूनही बाईंना ते वाचता येत नाही. वहिनींना सांग, त्यांनी पाठवलेली शाल हिला इतकी आवडली की कपाटात ठेवून कुलूप लावलंय. आता ती कुणालाच मिळणार नाही, हिलासुद्धा.

आता कामाचं लिहितो. परवा कारखान्यात आम्हा आठही टाकीवाल्यांना बोलावून एकेक छापील कागद दिला. आमचं काम तुला माहीत आहे. डांबर उकळून तेलं काढून झाली की टाकीच्या तळाला जो काळा थर बसतो, तो आम्ही आत उतरून खरवडतो. बाहेर आलो की हिरव्या तेलात चिंधी बुडवून हात पुसायचे, डांबर झटक्यात सुटतं. तर त्या कागदावर लिहिलंय, ‘माझ्या कामात बहुवलयी संयुगांशी संपर्क येतो याची मला जाणीव असून हे काम मी स्वखुशीने करीत आहे.’ त्याखाली आणखी एक ओळ आहे, ‘वरील संज्ञेचा अर्थ मला माझ्या भाषेत समजावून सांगण्यात आला. सांगणाऱ्याचे नाव’, आणि पुढे रिकामी जागा. मुकादमाला अर्थ विचारला तर म्हणाला, वलय म्हणजे कडं, बहु म्हणजे पुष्कळ, झालं, कर सही.

महिनाअखेरपर्यंत मुदत आहे. सही नाही केली तर टाकीवरून काढून फाटकाजवळच्या वजनकाट्यावर बसवणार. ही म्हणते, सरळ काट्यावर बस. कारण असं की माझ्या उजव्या हाताला, कोपराखाली, एक चामखीळ आलीय. सहा महिने झाले, वाढतेच आहे, आणि हल्ली शर्टाची बाही घासली तरी रक्त येतं. आमच्या म्हाताऱ्या मिस्त्रीलाही अशीच आली होती. तो मागच्या वर्षी गेला. पण तो प्यायचाही फार.

दादा, तू एवढा मोठा कोश लिहितोयस. मला एवढंच सांग, हा शब्द वाईट आहे का? तू कर म्हणालास तर सही करीन, नको म्हणालास तर उद्यापासून काट्यावर.

लोभ आहे, तो आटू देऊ नकोस.

तुझा,
ठोंब्या


९ जून

चि. ठोंब्यास,
अ. उ. आ.

तुझं पत्र मिळालं. नेहमीप्रमाणे लाल शाईने तपासून सोबत परत पाठवत आहे. चुका एकतीस. मागच्या खेपेपेक्षा चार कमी, म्हणजे आठवीत शाळा सोडलेल्या माणसाची प्रगती चाळिशीतही चालू आहे. एकाच मुलाला शिकवता येईल म्हणून आईने तुला कामाला लावलं आणि मला कॉलेजात घातलं, तेव्हा लोकांनी तिला नावं ठेवली. मला विचारशील तर माणसांची तिच्याइतकी पारख कुणालाच नव्हती.

‘बहुवलयी’ हा शब्द माझाच. परिभाषा समितीत त्यावर तीन बैठका झाल्या. एक वयोवृद्ध गुरुजी ‘बहुचक्री’ला चिकटून बसले होते. मी त्यांना विचारलं, रेणू काय रस्त्याने धावतो की काय, चाकं लावायला? सगळे खो खो हसले. गुरुजी पुढच्या बैठकीला आलेच नाहीत. आता कोशात नोंद आहे ती अशी. ‘बहुवलयी : ज्याच्या रेणूत दोन किंवा अधिक वलये आहेत असा. वाक्यात उपयोग : नॅफ्थलीन हे बहुवलयी संयुग आहे.’

तुझ्या डोक्यात शिरेल असं सांगतो. आपल्या जुन्या खोलीत षटकोनी फरशा होत्या. एका फरशीची कड तीच शेजारच्या फरशीची कड. कार्बनच्या सहा अणूंची अशी एक फरशी म्हणजे एक वलय. दोन फरशा जोडल्या की नॅफ्थलीन, म्हणजे कपड्यांत ठेवायच्या पांढऱ्या गोळ्या. तीन जोडल्या की अँथ्रासीन. मग चार, पाच, वाढवशील तितक्या. डांबरात हा सगळा गोतावळा नांदत असतो.

शब्द वाईट आहे का, हा तुझा प्रश्न मी आमच्या स्टाफरूममध्ये वाचून दाखवला. दिवस मजेत गेला. अरे, शब्द आकार सांगतो, स्वभाव नाही. ‘चौकोनी’ हा शब्द वाईट असतो का? तुझ्या स्वतःच्या रक्तात चार वलयांचे रेणू फिरताहेत, ते नसते तर तुला मिशी फुटली नसती. तेव्हा बायकोचं ऐकून काट्यावर माशा मारत बसू नकोस. सही कर आणि मोकळा हो.

एक काम आहे. आमच्या बागेच्या फाटकाला वाळवी लागलीय. तुझं ते हिरवं तेल डबाभर पाठव. लाकडाला त्यासारखं औषध नाही.

धाकटीला व पोरीला आशीर्वाद. लोभ आहे हे वेगळं लिहायला नकोच.

तुझा,
दादा


१८ जून

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

जीव भांड्यात पडला बघ. तुझं पत्र जेवणाच्या सुट्टीत सगळ्यांना वाचून दाखवलं. चुकांचं आणि आईचं तेवढं गाळलं. फरशांची गोष्ट सगळ्यांना पटली. मिशीवर तर असा हशा झाला की मुकादम धावत आला.

मग मी सही केली. रिकाम्या जागेत तुझं नाव लिहिलं, पुढे ‘रसायनशास्त्राचे प्राध्यापक, माझे थोरले बंधू’ असं सगळं व्यवस्थित. बाकीचे सात जण म्हणाले, आम्हालाही दादांनीच समजावलं की, आमच्याही कागदावर घाल. आठही कागद मीच भरले. खरं सांगतो, छाती फुगली होती. टाकीत उतरायची जागा अरुंद आहे म्हणून बरं, नाहीतर अडकलोच असतो.

ही दोन दिवस बोलत नव्हती. आता बोलते. हाताला सध्या चिंधी बांधून काम चाललंय.

तेलाचा डबा मालमोटारीच्या ड्रायव्हरबरोबर पाठवलाय. सगळ्यांवर लोभ ठेवावा, डब्यावर जरा जास्त.

तुझा,
ठोंब्या


२३ जून

चि. ठोंब्यास,
अ. उ. आ.

डबा पोचला. तुझं पत्र तपासून सोबत पाठवलंय.

माझं नाव कुणाला विचारून घातलंस? तू मला शब्दाचा अर्थ विचारलास, मी घरगुती पत्रात सांगितला. त्याचा कारखान्याच्या कागदाशी काय संबंध? उद्या सकाळी पहिल्यांदा कचेरीत जा आणि आठही कागदांवरचं नाव खोडून घे. तिथे मुकादमाचं नाव घाल. तो चांगला माणूस आहे, हरकत घेणार नाही. काम झालं की लगेच कळव, बाकी काही लिहिलं नाहीस तरी चालेल.

तुझा,
दादा


२७ जून

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

कचेरीत दोनदा जाऊन आलो. कारकून म्हणतो, कागद वर गेले, आता परत निघायचे नाहीत. तू रागावलास त्याचं वाईट वाटलं. मला वाटलं होतं तुला अभिमान वाटेल. माझं चुकलं.

लोभ कमी करू नकोस, हीच विनवणी.

तुझा,
ठोंब्या


११ जुलै

भाऊजींस,
स. न. वि. वि.

तुमच्या बंधूंच्या हातून कोशाचं पेन सुटत नाही, म्हणून म्हटलं तेलाचे आभार मीच मानावेत. फाटक कसं नवं कोरं दिसतंय! मात्र त्या एका डब्यापायी या घरात जे काही झालं ते बघायला तुम्ही हवे होतात. हे इतके भित्रे असतील असं मला लग्नाला सोळा वर्षं होऊनही ठाऊक नव्हतं.

रंगारी उघड्या हातांनी ब्रश बुडवणार, एवढ्यात हे घरातून ओरडत आले. कोपरापर्यंतचे रबरी हातमोजे विकत आणून त्याला घालायला लावले. तोंडाला फडकं. काम झाल्यावर साबणाने दोनदा आंघोळ, अंगातले कपडे जाळायला लावले आणि बिचाऱ्याला यांचा जुना सदरा दिला. आमच्या पोरीला महिनाभर फाटकाला हात लावायची बंदी. रंगारी हसला, तर हे त्याला म्हणाले की हे तेल नाही, रोग आहे. कातडीतून आत शिरतो, वर्षानुवर्षं गप्प बसतो. आधी साधी चामखीळ येते म्हणे, मग तिच्यातून रक्त येतं, आणि तोवर माणसाचं आटोपलेलं असतं. रंगारी घाबरून ब्रश टाकून पळायलाच निघाला होता.

मी म्हटलं, अहो, मग आपले भाऊजी? तर म्हणाले, त्याला मी केव्हाच काट्यावर बसायला सांगितलंय. ऐकून बरं वाटलं. काहीही म्हणा, तुमच्यावर जीव आहे यांचा, दाखवत नाहीत एवढंच.

आणि एक गोड बातमी. हे बहुतेक विभागप्रमुख होणार. तुमचे मालक कॉलेजच्या मंडळावर आहेत, परवा चहाला आले होते. कामगारांसाठीचा तो कागद मे महिन्यात यांनीच लिहून दिला, आमच्या जेवणाच्या टेबलावर. पहिल्यांदा सरळ ‘या कामाने कर्करोग होऊ शकतो’ असंच लिहिलं होतं. मालक म्हणाले, हे वाचून टाकीत उतरेल कोण? मग यांनी ते खोडून तो वलयांचा शब्द घातला. मालक एवढे खूश झाले की दुसऱ्यांदा चहा मागितला. मला काही ते बरं वाटलं नाही, पण तुम्ही त्यात नसणार असं धरून गप्प बसले.

धाकटीला म्हणावं, शाल वापरायला दिलीय, पुरून ठेवायला नाही. येऊन जा सगळे. माया आहे, ती तुम्हीही पातळ करू नका.

तुमची,
वहिनी


१४ नोव्हेंबर

चि. भाऊस,
अ. उ. आ.

चार महिन्यांत तुझं एक पत्र नाही. आम्ही काळजीत होतो. काल सरकारी निरीक्षक कॉलेजात आले, तेव्हा तुझ्या हाताचं त्यांच्याकडून कळलं. वाईट वाटलं. पण उजवा गेला तरी डावा आहे, आणि लिहिणं हा काही तुझा व्यवसाय नव्हे.

आता शांतपणे वाच. आणखी दोघांच्या हातांवर तसंच काही निघालं आहे आणि आठही कागदांवर माझं नाव आहे. निरीक्षकांनी विचारलं की अर्थ समजावताना धोका का सांगितला नाही. मी सांगितलं, मला फक्त शब्दाचा अर्थ विचारला होता, हाताचं काहीही कळवलं नव्हतं. तूही तेवढंच सांग. माझं पत्र पुन्हा वाचून बघ, त्यात एक अक्षरही खोटं नाही. ते पत्र तुझ्याकडे असेल तर फाडून टाक.

विभागप्रमुखाची नेमणूक पुढच्या सोमवारी आहे. झालं ते झालं. तुझा हात काही परत येणार नाही, मग माझी खुर्ची तरी का जावी? आईने एकाला शिकवायला दुसऱ्याला कामाला लावलं. ते सगळं तू आता मातीत घालणार का? आपण एका ताटात जेवलेली माणसं आहोत.

तुझी पोरगी हुशार आहे. तिच्या पुढच्या शिक्षणाचं मी बघेन.

लोभ आहे, तो जाणून उलट टपाली कळव.

तुझा,
दादा


२० नोव्हेंबर

प्राध्यापक महाशयांस,
नमस्कार, एका हाताने होतो तेवढा.

अक्षर डाव्या हाताचं आहे. पोरगी म्हणते, उजव्यापेक्षा बरं येतं.

पत्र फाडता येणार नाही. निरीक्षकांना मी ते ऑक्टोबरातच दिलं. तुमचं अक्षर मोत्यासारखं, त्यांना एका दमात वाचता आलं. त्यात एक अक्षरही खोटं नाही, हे मीही त्यांना सांगितलं.

हाताचं कळवलं नव्हतं, असं मला सांगता येत नाही. तुम्ही माझी पत्रं तपासून परत पाठवता, त्यामुळे तीही माझ्याकडेच होती. तीन जूनच्या पत्रात चामखिळीच्या ओळीखाली तुम्ही लाल शाईने रेघ मारलीय आणि समासात लिहिलंय, ‘अनावश्यक मजकूर’. साहेबांनी त्या पानाचा फोटो काढून घेतला.

वहिनींचंही एक पत्र माझ्याकडे होतं, जुलैचं. ते मिळालं त्याच दिवशी मी शहरातल्या मोठ्या इस्पितळात गेलो. डॉक्टर म्हणाले, महिनाभर आधी आला असतात तर नुसती चामखीळ कापली असती. आता काखेतही गाठ आहे. पोरीची सहावी बघेन की नाही सांगता येत नाही. वहिनींचं पत्र मी साहेबांना दिलं नाही, बाईमाणसाला विचारल्याशिवाय कसं द्यायचं? मी सगळं खरं लिहून ते त्यांनाच परत पाठवलं. गेल्या आठवड्यात त्यांनी स्वतः नेऊन साहेबांच्या हातात दिलं. तुम्हाला हे घरात अजून कुणी सांगितलेलं दिसत नाही.

पोरीच्या शिक्षणाचं आम्ही बघू.

कोशाची छपाई अजून व्हायची आहे असं ऐकतो. ‘बहुवलयी’पुढे तुम्ही नॅफ्थलीनचं वाक्य घातलंय, ते फार मिळमिळीत आहे. त्याने अर्थ कळत नाही, आम्हा आठ जणांना कळला नव्हता. मी दुसरं केलंय. डाव्या हाताने लिहायला सकाळ गेली.

‘बहुवलयी. वाक्यात उपयोग : माझ्या दादाला बहुवलयी शब्दाचा पुरा अर्थ ठाऊक होता, म्हणून त्याने रंगाऱ्याला हातमोजे दिले.’

चुका असतील तर लाल शाईने दुरुस्त करून परत पाठवा. लोभाचं तुम्हीच ठरवा.

ठोंब्या