सामोआत हरवलेल्या तीस डिसेंबरची वाटणी

मी, दिगंबर वामन ठोसर, वय पूर्ण अठ्ठ्याऐंशी, निवृत्त भूगोल शिक्षक, मूळ गाव कऱ्हाड, हल्ली मुक्काम प्लेनो, टेक्सास, हे मृत्युपत्र कोणाच्या दडपणाखाली न येता स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझं डोकं ठिकाणावर आहे. कोणाला शंका असेल तर ओशनियातल्या चौदाही देशांच्या राजधान्या मला विचाराव्यात. नाउरूला अधिकृत राजधानी नाही, हेही मला ठाऊक आहे, तेव्हा तिथे अडवायला जाऊ नये.

आधीच सांगून टाकतो. घरदार, भांडीकुंडी यांच्यासाठी मी एवढी शाई वाया घालवली नसती. हे मृत्युपत्र कलम पाचसाठी आहे. माझी दोन मुलं, नकुल आणि गिरिजा, चौदा वर्षं एकमेकांशी धड बोललेली नाहीत, आणि ती बोलावीत एवढीच माझी इच्छा आहे. पण कायद्याचा कागद आहे, रीतीने जाऊ.

कलम १. हे घर आणि बँकेत जे काही असेल ते माझी पत्नी सुलभा हिचं. तिच्यानंतर दोन्ही मुलांना निम्मं निम्मं. नकुलने नोकरीसाठी अल्फारेटाला जाताना हे घर माझ्या नावावर करून दिलं होतं. तेव्हा मी त्याला काही बोललो नाही. आता लिहितो, बाळा, ऊर भरून आला होता.

कलम २. जेवणाच्या टेबलामागचा मोठा नकाशा गिरिजाची मुलगी रुही हिला द्यावा. चौतीस वर्षं मी वर्गात जो नकाशा टांगला, त्यात प्रशांत महासागर मधोमध फाडून अर्धा डाव्या कडेला, अर्धा उजव्या कडेला फेकलेला असे. पृथ्वीवरचा सर्वांत मोठा महासागर, आणि त्याची ही दशा! निवृत्त झाल्यावर पहिलं काम काय केलं असेल, तर दोन नकाशे आणले, कात्री चालवली, आणि प्रशांत महासागर मध्यभागी चिकटवला. टोंगा, तुवालू, फिजी सगळे ऐटीत मध्ये बसले आणि युरोप कोपऱ्यात गेला. रुही लहानपणी त्यावर बोट फिरवायची. आता सोळा वर्षांची आहे, मराठीत विचारलं की इंग्रजीत उत्तर देते. "आजोबा, धिस मॅप इज सो विअर्ड, आय लव्ह इट," म्हणाली. तेवढ्यावर नकाशा तिचा.

कलम ३. मार्शल बेटांवरचा काड्यांचा नकाशा नकुलला. माडाच्या झावळ्यांच्या शिरा एकमेकींना बांधून लाटांच्या दिशा दाखवायच्या आणि शिंपले लावून बेटं. तिथले नावाडी तो किनाऱ्यावर बसून पाठ करत आणि होडीत न घेता समुद्रात जात. आमचे चिरंजीव फोनला विचारल्याशिवाय दूध आणायला जात नाहीत. त्याने तो समोर टांगावा आणि अधूनमधून लाजावं.

कलम ४. श्री. हेमचंद्र कारखानीस यांना काहीही देऊ नये. इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात, सन २००४ मध्ये, त्यांनी प्रश्नमंजूषेत विचारलं की चारही गोलार्धांत पसरलेला एकमेव देश कोणता. मी म्हणालो, किरिबाटी. त्यांच्या हातातल्या चिठ्ठीवर लिहिलं होतं इंडोनेशिया. "काका, चिठ्ठीत आहे तेच बरोबर," असं भर सभेत मला ऐकवलं! बक्षिसाचा प्रेशर कुकर दुसऱ्याच्या घरी गेला. कुकरचं दुःख नाही. पण इंडोनेशिया? अहो, तो पश्चिम गोलार्धात कधी शिरला? मृत्युपत्राच्या साक्षीदाराला त्यातलं काही मिळू नये, असं म्हणतात. म्हणून मी हेमचंद्ररावांनाच साक्षीदार केलं आहे.

कलम ५. आता मुख्य गोष्ट.

माझा जन्म ३० डिसेंबर १९३६ चा. पंचाहत्तरी सामोआ देशात, आपिया गावी करायची असं मुलांनी ठरवलं, कारण आयुष्यभर मी ज्या बेटांची नावं घोकून घेतली त्यातलं एकही पाहिलं नव्हतं. नकुलने समुद्राकाठी जेवण आणि केक सांगून ठेवला. गिरिजाने मला पंचाहत्तर दिव्यांनी ओवाळायचं ठरवलं आणि अ‍ॅशबर्नच्या आपल्या घरी बसून पंचाहत्तर फुलवाती वळल्या. मी आणि सुलभा नकुलबरोबर आधी गेलो. गिरिजाचं विमान तीस तारखेला सकाळी उतरायचं होतं.

पण त्या वर्षी, २०११ मध्ये, सामोआत तीस डिसेंबर आलाच नाही. व्यापार ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडशी, आणि वार मात्र अमेरिकेचा, हे जड जायला लागलं, म्हणून सरकारने देश, जिथे तारीख बदलते त्या आंतरराष्ट्रीय वाररेषेच्या पलीकडे नेला. गुरुवारी एकोणतीस, आणि झोपून उठलं की शनिवार, एकतीस! आपल्या पंचांगात तिथीचा क्षय होतो, तसा तिथे तारखेचा क्षय झाला.

नकुलला हे गुरुवारी संध्याकाळी हॉटेलवाल्याने हसत हसत सांगितलं. पोरगा घाबरला. उद्या बाबांचा वाढदिवसच नाही, म्हणून त्याने घाईघाईने त्याच संध्याकाळी केक कापायला लावला. दुसऱ्या दिवशी सकाळी गिरिजा उतरली. तिचं विमान एक मिनिटही उशिरा नव्हतं, फक्त तारीख बदलली होती. कडेवर दोन वर्षांची रुही, हातात फुलवातींचा डबा, आणि टेबलावर उरलेला केक.

"दादा, एक रात्र थांबता आलं नाही तुला?"

"अगं, उद्या नव्हताच! तुला साधी तारीख चेक करता आली नाही?"

मग मागचं सगळं निघालं. कोण नेहमी पुढे पुढे करतं, कोणाला नेहमी मागून शहाणपण सुचतं. डबा उघडलाच नाही. तेव्हापासून नकुल दिवाळीला येतो आणि गिरिजा नाताळात. दोघांची गाडी एकाच वेळी माझ्या दारात उभी राहिलेली नाही.

मुलांनो, मला माहीत होतं. जून महिन्यातच ती बातमी मी वाचली होती. चौतीस वर्षं संत्र्यावर पेनाने रेघ मारून मी वाररेषा शिकवली, आणि आता ती रेघ माझ्याच वाढदिवसावरून जाणार! माझ्या मनात लाडू फुटत होते. शनिवारी सकाळी तुमचे चेहरे पाहायचे, म्हणून गंमत करायला गप्प राहिलो. मग तुमचं भांडण झालं आणि सांगायचं राहून गेलं. दरवर्षी सांगेन म्हणायचो, दरवर्षी ते जास्त अवघड व्हायचं. दोष नकुलचा नाही, गिरिजाचाही नाही. भूगोलाच्या मास्तरचा आहे. मला फार लाज वाटते.

म्हणून फुलवातींचा तो डबा, जो मी तेव्हापासून जपून ठेवला आहे, दोघांना मिळून देत आहे. माझ्या पश्चात येणाऱ्या पहिल्या तीस डिसेंबरला दोघांनी एकत्र आपियाला जावं, वाढदिवस करावा, आणि दुपारी छोट्या विमानाने शेजारच्या अमेरिकन सामोआत, पागो पागोला उतरावं. तिथे वाररेषेमुळे एकोणतीस असेल. रात्र गेली की पुन्हा तीस डिसेंबर! गेलेला दिवस तिथे परत मिळतो. सामोआला हे नवं नाही. १८९२ मध्ये अमेरिकेच्या बाजूला येताना तो देश चार जुलै दोनदा जगला होता. त्या दुसऱ्या तीस तारखेला पंचाहत्तर दिवे लावावेत.

कलम ६. कलम पाच लिहून होतंय तोवर सुलभा चष्मा लावून मागे उभी होती. मी सांगितलं, खासगी कागद आहे. तिने ऐकलं नाही.

"मला चौदा वर्षं ठाऊक आहे," ती म्हणाली. "बातमीचं कात्रण तुमच्या चष्म्याच्या डबीत होतं."

"मग बोलली का नाहीस?"

"तुमची चूक, तुम्हीच कबूल करायची." मग तिने कागद हातात घेऊन पुन्हा वाचला. "आणि अहो, दिवे ओवाळणार कोणाला? फोटोला?"

मी पुन्हा पेन उचललं. सबब, कलम पाचमधले 'माझ्या पश्चात' हे शब्द मी खोडत आहे. तीस डिसेंबर याच वर्षीचा. या कागदाची एकेक प्रत आजच अल्फारेटा आणि अ‍ॅशबर्नला जाईल. माझ्या हिशेबाने मी अजून चौऱ्याहत्तरचाच आहे, प्रवास झेपेल.

ठिकाण: प्लेनो. दिनांक: १२ ऑक्टोबर २०२५.
(सही) दिगंबर वामन ठोसर

साक्षीदार १: सौ. सुवर्णा केतकर, शेजारी. काकांनी माझ्यासमोर सही केली, आणि मला दोनदा चिवडा दिला.

साक्षीदार २: हेमचंद्र कारखानीस. सही माझ्यादेखत झाली. किरिबाटीच बरोबर होतं. मला दुसऱ्याच दिवशी कळलं होतं.

पुरवणी, १९ ऑक्टोबर २०२५. नकुल दिवाळीसाठी इथे आला आहे. आल्या आल्या माझ्याशी बोलला नाही, फोन घेऊन मागच्या खोलीत गेला आणि त्याने गिरिजाला लावला. मग त्याचा आवाज चढला. केक आधी की ओवाळणं आधी, यावरून दोघं आता पाऊण तास भांडताहेत. मी उठून सोडवायला निघालो होतो, तर सुलभाने माझा हात धरून खाली बसवलं.

"भांडू द्या," ती म्हणाली. "किती वर्षांनी भांडताहेत."

(सही) दि. वा. ठोसर