साडूला शहर मीच दाखवणार

२९ नोव्हेंबर, शुक्रवार

सासरच्या ग्रुपवर केशवरावांचा मेसेज. केशवराव म्हणजे माझे साडू, मुक्काम पुणे. एकवीस-बावीस डिसेंबरला सहकुटुंब यायलेत. या की. पण पुढची ओळ वाचून चहा कडू झाला. रविवारी सकाळी त्यांनी म्हणे हेरिटेज वॉक बुक केलाय. मधुसूदनरावांना यंदा दगदग नको.

दगदग. बत्तीस वर्षं मी या माणसाच्या आणि माझ्या सामाईक सासुरवाडीला हे शहर दाखवत आलोय. सासूबाई, मामेसासरे, मेहुणीची जाऊ, जावेची अख्खी भिशी. मकबरा, पाणचक्की, भडकल दरवाजा, सगळं तोंडपाठ. केशवरावांचा पगार मोठा होता, मान्य. फ्लॅट मोठा, मान्य. मुलगी कॅनडात, तेही मान्य. पण 'औरंगाबाद म्हणजे मधुसूदन' असं त्या घरात म्हणतात (शहराचं नाव बदललं, वाक्य तेच राहिलंय) आणि त्या घरात माझ्या नावावर तेवढं एकच आहे. तेही आता ऑनलाइन बुकिंग करून काढून घ्यायला निघालेत.

लग्नाच्या पंगतीत याच माणसानं मला विचारलं होतं की तुमच्या निजामाच्या मुलखात श्रीखंड मिळतं का. पोलीस अ‍ॅक्शन झाली हे त्याला अजून कुणी कळवलेलं नाही.

उमाला मेसेज दाखवला. म्हणाली, बरं झालं. बायको कुणाच्या बाजूची आहे हे अशा वेळी कळतं.

३० नोव्हेंबर, शनिवार

चौकशी केली. वॉक घेणारी एक मुलगी आहे. शीतल सांडू काकडे. वय सव्वीस. मूळ गाव सिल्लोड.

सिल्लोडची मुलगी मला भडकल दरवाजा दाखवणार. हेडक्लार्क म्हणून सिल्लोडला तीन वर्षं काढलीत मी. कापूस आणि मका सोडून तिथल्या माणसाला काय दिसतं ते मला विचारा.

ठरलं. उद्याच्या वॉकला अनोळखी माणूस म्हणून जायचं, तिच्या चुका काढायच्या आणि केशवरावांना सविस्तर कळवून बुकिंग कॅन्सल करायला लावायचं. साडूला शहर मीच दाखवणार.

उमा म्हणाली, मी पण येऊ का. म्हटलं, हे अभ्यासाचं काम आहे.

१ डिसेंबर, रविवार

भडकल दरवाज्याशी सातची वेळ होती. मुद्दाम वीस मिनिटं उशिरा गेलो, कारण आधीपासून उभं राहिलं की संशय येतो. तर ही मंडळी वेळेवर निघून गेलेली. रिक्षावाला म्हणाला, चाचा, वो छोरी के पीछे बीस लोगां गये, उदर सिटी चौक की तरफ. नौखंडा महालाशी गाठलं. दम लागला, पण दाखवला नाही.

मुलगी साधीच. डोक्यावर टोपी, कमरेला छोटा स्पीकर. बोलणं अगदी घरातलं, 'लई' काय, 'व्हय' काय. लोक मान डोलावतात. हल्ली लोकांना काहीही चालतं.

परत भडकल दरवाज्याशी आली. म्हणे हा दरवाजा मलिक अंबरनं बांधला, मुघलांना हरवल्यावर. हे मला माहीतच आहे. पाहुण्यांना आजवर मी औरंगजेब सांगत आलो ते केवळ सोपं जावं म्हणून.

मग मी हुकमी प्रश्न टाकला. इथून दौलताबादला जे भुयार जातं, त्याचं काय? तिनं सरळ सांगितलं, नाय ओ काका, लई जणांनी शोधलं, अजून कुणाला घावलं नाय. मी म्हणालो, मला माहीत आहे कुठं आहे ते. लोक हसले.

काका म्हणाली. कोण काका?

४ डिसेंबर, बुधवार

भुयाराचा पुरावा गोळा करण्याचं काम हाती घेतलंय. ऑफिसातला जुना मित्र बन्सी याच्या आजोबांनी भुयार डोळ्यांनी पाहिलेलं. त्याला फोन केला, रविवारी ये आणि सगळ्यांसमोर सांग. बन्सी म्हणाला, आजोबांनी पाहिलं हे तुला कुणी सांगितलं? म्हटलं, तूच. तो म्हणाला, मला तर तूच सांगितलंस, कॅन्टीनमध्ये, तुझे साडू आले होते तेव्हा.

बन्सीची स्मरणशक्ती गेली. बिचारा. या वयात असं होतं.

८ डिसेंबर, रविवार

पुन्हा गेलो. या वेळी वेळेवर. भडकल दरवाज्याखाली ती म्हणाली, काही लोक म्हणतात इथून दौलताबादला भुयार जातं. ज्यांना ते माहीत आहे ते काका आज आपल्यातच आहेत. सगळे वळून माझ्याकडं बघायला लागले. दोघांनी फोटो काढले.

संधी आयती आली म्हणून मी बोललो. घोडेस्वार भाल्यासकट जाईल एवढं उंच भुयार, असं ठणकावून सांगितलं. छावणीतून आलेले एक रिटायर्ड सुभेदार होते. त्यांनी विचारलं, एवढ्या लांब घोड्याला हवा कुठून मिळायची? मी म्हणालो, हवा होती. ते म्हणाले, कुठून? मी म्हणालो, तेव्हाची हवा वेगळी होती. मग गुडघा दुखायला लागला, बाजूला बसलो.

हा सुभेदार तिनंच पेरलेला असणार.

११ डिसेंबर, बुधवार

नाव न सांगता तिला फोन केला. एक जागरूक नागरिक म्हणून आपणास सांगू इच्छितो, एवढंच म्हणालो. तर ती म्हणाली, भुयारवाले काका का? बोला ना.

फोन ठेवला. रेंज नव्हती.

१५ डिसेंबर, रविवार

आज मुद्दाम गेलो नाही. तिला वाटलं पाहिजे की मी हार मानली.

केशवरावांना मेसेज टाकला होता की मुलगी अननुभवी आहे, गाव सिल्लोड, पैसे परत मागा. त्यांनी अंगठा पाठवला. नुसता अंगठा. पुण्यात उत्तर देण्याची हीच पद्धत असावी.

तर आता नवा डाव. बावीसच्या वॉकचा रस्ता वेगळा आहे. मकाई दरवाजा, पाणचक्की, शेवटी मकबरा. म्हणजे माझं होमपिच. मकबऱ्याच्या दारात मी हळूच सूत्रं हातात घेणार. एकदा मी बोलायला लागलो की सासरच्यांना बाकी कुणाचं ऐकवत नाही, हा अनुभव आहे. त्या मुलीला तिथंच गप करतो. वाचन वगैरे करणार नाही. पुस्तकं वाचून माणूस गोंधळतो.

उमासमोर तालीम केली. ती मेथी निवडत होती. म्हणाली, आवाज चांगला लागलाय.

२१ डिसेंबर, शनिवार

मंडळी आली. केशवराव, मेहुणी, मुलगा, सून. बाकरवडी आणली, म्हणजे पुण्याहून आलोय हे विसरू नये. चालण्यासाठी खास बूट घेतलेत म्हणे. दोनदा दाखवले.

जेवताना केशवरावांनी विचारलं, तर मधुसूदनराव, मकबरा बांधला कुणी? म्हटलं, औरंगजेबाच्या मुलानं, आईसाठी. सून म्हणाली, मागच्या वेळी तुम्ही औरंगजेबानं मुलीसाठी असं सांगितलं होतं. मी शांतपणे म्हणालो, संशोधन पुढं जात असतं. केशवराव पोळीत तोंड लपवून हसत होते. हसा. उद्या सकाळी बघू.

उमाही येणार आहे. म्हटलं, घरी स्वयंपाकाचं काय? मेहुणी म्हणाली, बाहेर जेवू. स्वतःचे जुने बूटही तिनं उमाला दिले. साडीवर बूट. काही बोललो नाही. पाहुण्यांसमोर बोलू नये.

२२ डिसेंबर, रविवार, दुपार

डोकं शांत ठेवून लिहितोय.

मकाई दरवाज्याशी मी गप्प राहिलो. पाणचक्कीशी तोंड उघडलं, पण तिच्या स्पीकरचा आवाज मोठा. लोक स्पीकर ऐकतात, माणूस ऐकत नाहीत. केशवराव तर पहिल्या रांगेत, हाताची घडी घालून, शाळेतल्या पोरासारखे. माझ्या वेळी हे कायम मागं राहून सिगरेट ओढायचे.

मकबऱ्याच्या दारात मी पुढं झालो. घसा साफ केला. तेवढ्यात तिनं सगळ्यांना विचारलं, इथं पहिल्यांदा कोण कोण आलंय? हात वर करा.

उत्तम. केशवराव, मेहुणी, मुलगा, सून, कुणाचाच हात वर नाही. कारण सगळ्यांना मीच आणलेलं. हेच मी मोठ्यानं सांगणार होतो. तर एक हात वर आला.

उमाचा.

मी हसून म्हणालो, गैरसमज होतोय, ही बत्तीस वर्षं इथंच राहते, दर पाहुण्याबरोबर आलीय. शीतल काकडेनं तिला विचारलं, काकू, आला होतात ना? उमा म्हणाली, दरवेळी आले. त्या बाहेरच्या झाडापर्यंत. सगळ्यांच्या पिशव्या, डबे, झोपलेली पोरं, कुणाची कुणाची चप्पल. कुणीतरी बसायला पाहिजे ना, हे म्हणायचे. मग मी बसायचे.

तक्रारीच्या सुरात म्हणाली असती तर मला उत्तर देता आलं असतं. तिनं दुधाचा हिशेब सांगावा तसं सांगितलं. आणि कुणी हसलं नाही. भुयाराला हसतात, मग इथं हसायला काय झालं होतं? केशवराव आपल्या नव्या बुटांकडं बघत राहिले. मेहुणी म्हणाली, अगं ताई, आम्हाला वाटायचं तुझं बघून झालंय.

मी समजावून सांगितलं की ती एक व्यवस्था होती. सामान सांभाळणं हाही टूरचाच भाग असतो. शिवाय तिनं कधी मागितलंच नाही. यात चुकीचं काय आहे ते मला कुणी दाखवून द्यावं.

उमानं पर्स काढून माझ्या हातात दिली. पाण्याची बाटली दिली. आणि त्या मुलीच्या शेजारून आत गेली. मग मेहुणीनं पिशवी दिली. सुनेनं जॅकेट दिलं. केशवरावांनी खांद्यावरची सॅक काढली आणि माझ्यापुढं ठेवली.

मला आत जायचं होतंच. माझं भाषण व्हायचं होतं. पण एवढं सामान घेऊन कसं जाणार?

झाडाखाली बसायला बरं आहे. थोडं ऊन लागतं.

२३ डिसेंबर, सोमवार

मंडळी गेली. जाताना केशवराव उमाच्या पाया पडले. ती त्यांच्यापेक्षा लहान आहे. पुण्याची नाटकं.

२९ डिसेंबर, रविवार

मेहुणीची जाऊ मे महिन्यात यायलीय. मेहुणीनं ग्रुपवर टाकलं, दाखवायला आता उमाताई आहेच. खाली अकरा अंगठे. माझं नाव कुणी घेतलं नाही. ग्रुप म्यूट केला. उन्हाळ्यात नाहीतरी फिरणं मला झेपत नाही.

उमा आठवडाभर मकबऱ्याचंच बोलायलीय. आत गेल्यावर कबर खाली दिसते म्हणे, वरच्या जाळीतून ऊन तिथवर येतं, लोक वाकून बघतात आणि आपोआप गप्प होतात. मी मधूनमधून हो म्हणतो.

आज चहाच्या वेळी तिनं विचारलं, दारावर ते पितळी पत्र्याचं काम आहे ना, फुलापानांचं, ते तुम्ही आम्हाला कधीच कसं सांगितलं नाही? एवढ्या वेळा गेलात, तुम्हाला त्यातलं काय आवडतं?

मी म्हणालो, पानं.

कुठली पानं, तिनं विचारलं. खरंच जाणून घ्यायचं होतं तिला.

आता पाहुण्यांना समजावून सांगायचं म्हणजे त्यांच्याकडं तोंड करून उभं राहावं लागतं. दार पाठीमागं येतं.