पाठमोरी बाई

नाते, ता. महाड
ऑगस्ट २००२

प्रिय श्रीधर,

परवा टीव्हीवर तू हिंदी संवाद लिहून डब केलेला तो जुना फ्रेंच चित्रपट पाहिला, खुनाचा. इन्स्पेक्टर उत्तम उतरलाय. कशेडी घाटात दरडीमागे अडकलेल्या ट्रकवाल्यासारखा, कंटाळलेला तरी सावध. फ्रेंचमध्ये मला त्याचा नुसता आवाज कळला होता, हिंदीत थकवा कळला. हे श्रेय तुझं. शेवट मात्र तू नासवलास.

महाडच्या वाचनालयात आपण तो मूळ भाषेत दाखवला, तेव्हा पडद्यावरच्या इंग्रजी ओळी वाचून तू माइकवर मराठीत सांगत होतास. खून नवऱ्याने केलेला, आळ बायकोवर घातलेला. शेवटी त्यालाच बेड्या पडल्यावर तो ओरडतो, काहीतरी बोल. ती वळते आणि चालू लागते. बोलत नाही. तूही माइक खाली घेतलास. मागून धोंडूकाका ओरडले, "काय बोलली रे ती?" तू म्हणालास, "काय नाय बोलली." त्या उत्तरावर मी भाळले.

आता हिंदीत ती चालता चालता म्हणते, "जाओ, मैंने तुम्हें माफ़ किया." बाई पाठमोरी आहे, ओठ दिसत नाहीत, म्हणून तिच्या तोंडी वाटेल ते घालायचं? तिच्याकडे ती शांतता तेवढीच उरली होती. तीही तू काढून घेतलीस.

आपलं तुझ्या घरी कळलं, मी बौद्धवाडीतली हेही कळलं, आणि तू मुंबईला गेलास. एक ओळ लिहिली नाहीस. मीही काही विचारलं नाही.

काल तुझी आई आमच्याकडे आली. पहिल्यांदाच. पाण्याचा पेला हातात धरून बसली, जाताना भरलेलाच खाली ठेवला. म्हणाली, "मोठ्या मनाची गं तू. श्रीधर सांगतो, निशानं मला केव्हाच माफ केलंय." रविवारी वाचनालयात या चित्रपटासाठी तुझा सत्कार आहे. तुझ्याविषयी मी चार शब्द बोलावेत, ही म्हणे तुझीच इच्छा.

मी माफ कधी केलं, श्रीधर? कोणत्या भाषेत?

येईन. माइकसमोर उभी राहीन. मूळ चित्रपटात ती बाई बोलते तेवढंच बोलेन आणि पायऱ्या उतरेन. धोंडूकाका अजून मागच्याच रांगेत बसतात. त्यांनी विचारलं, तर या वेळीही खरं उत्तर दे.

तुझी पहिली प्रेक्षक,
निशा