मागच्या सीटवर साळवे

मंगळवार, संध्याकाळ. बिडकीन.

सस्पेंड झाल्यापासून आज पहिल्यांदा डेपोत गेलो, चौकशीला. साहेबांनी विचारलं, "चितेगावजवळ मोटरसायकल आडवी आली, तेव्हा ब्रेक कधी मारला?" मी गप्प. वकिलानं बजावलंय, कोर्टातली केस संपेपर्यंत तिथं तोंड उघडायचं नाय, बोललेलं अंगलट येतं. पण गप्प बसलेला ड्रायव्हर गुन्हेगारच दिसतो, त्याचं काय?

माझा कंडक्टर साळवे आता साक्षीदार आहे. म्हणजे त्याच्याशीबी बोलायचं नाय. मला एवढंच विचारायचं होतं, त्या मोटरसायकलवाल्याचा पाय कसा आहे?

परतीला दोघं एकाच बसमध्ये. मी पुढं बसलो, तो मागच्या सीटवर. इतकी वर्षं तो माझ्या मागंच तर होता! त्याची डबल बेल वाजली की मी गाडी काढायचो. वळून बघायची कधी गरजच पडली नाय. आज चितेगाव आलं तेव्हा वळून बघावंसं लई वाटलं. नाय बघितलं.

बिडकीन जवळ आलं, दाराशी जाऊन उभा राहिलो. तेवढ्यात साळवे शेजारच्या म्हाताऱ्याला मोठ्यानं म्हणाला, "त्या मोटरसायकलवाल्याचं प्लास्टर निघालं बरं का बाबा. चालतोय आता." म्हातारा नुसता बघत राहिला, त्याला काय माहीत कोण मोटरसायकलवाला!

मी तसाच खाली उतरलो. मागं डबल बेल वाजली, दुसऱ्याच कुणाची तरी. बस गेली.

तिथं म्हणता आलं नाय, म्हणून इथं लिहितो. बरं झालं रे, साळवे.